धुतलेल्या कतरणीची जागा

ता. १२ मार्च १९८३

सगुणा,

पाकीट फोडल्यावर कागदाच्या आधी कापड हाताला लागलं असंल, म्हणजे पत्र कुणाचं ते तुला नाव वाचायच्या आधीच कळलं. पत्ता दगडाबाईनं दिला. सुखासुखी न्हाई दिला. तुझीच चुलतसासू ती, तीन बाजार तिच्या मागं हिंडले तवा म्हणली, "लिही माय, पन ती काय तुला जबाब देनार न्हाई." न देऊ दे. मला कुठं जबाब पायजे? मला बोलायचं हाय.

इकडं सगळे खुशाल, असं लिहायची रीत हाय म्हणून लिहिते. हे दुकानात असतात. गुरुपाद भाऊजीचं लग्न झालं, जाऊ आली, शिवम्मा नाव. पोरगी गरीब हाय, पण सुईत दोरा ओवायला सांगावं तर सुईच हरवून बसती. मशीन तिथंच हाय, ओट्याच्या मागच्या खोलीत, खिडकीखाली. तू कापायला बसायचीस ते पोतं बी मी उचललं न्हाई.

कतरण बघ. ताडकळसच्या बाजारात घेतलं, केंब्रिक, जांभळ्यावर पांढरी बुट्टी. घरात कापडाचं दुकान असून बायको बाजारात कापड घेती म्हणून हे दोन दिवस फुगून बसले. तो बाजारवाला शपथांवर शपथा खायलता, बाई, रंग पक्का, रंग पक्का. मी आपल्या रीतीनं दोन तुकडे केले. एक कोरा ठेवला, एक उकळत्या पाण्यातून काढून सावलीत वाळवला. दोन्ही पाठवलेत. बघ मेल्यानं कसा रंग सोडलाय.

आठवतं का गं, आपली वही कशी सुरू झाली? हंगाम सरला की मिलचा माणूस नमुन्यांची जुनी फाईल दुकानात टाकून जायचा. जाड पुठ्ठ्याची पानं, आत सुटाच्या कापडाचे चौकोन. ते आपण भिजवून सोलून काढले, तू त्यांची लेकरांना गोधडी केलीस, आणि मोकळ्या पुठ्ठ्यांवर आपल्या गावाची कापडं लागली. जे शिवलं त्याची कतरण. डाव्या बाजूला कोरी, उजव्या बाजूला धुतलेली, खाली तुझ्या अक्षरात नाव, कापड, तारीख, आणि धुतल्यावर किती बोटं आटलं ते. तू जिंतूरच्या शिवणक्लासात शिकलेली, मशीन माझ्या आंदणातलं. तुला कापता यायचं, मला चालवता. लोकांसमोर तू मला नीलम्माबाई म्हणायचीस आणि खोलीत शिरलीस की नीले.

आणि ती पैज! कापड सुती का टेरीन. तू एक दोरा उपसून चिमणीवर धरायचीस. राख झाली की सुती, वितळून मणी झाला की टेरीन. हरलेलीनं शेंगा भाजायच्या. सगळा उन्हाळा मीच शेंगा भाजल्या. लय हसायचो आपण सगुणा, कामून हसायचो ते आता आठवत बी न्हाई.

त्याला साडेचार वर्षं झाली. विद्यापीठाच्या नावावरनं गावं पेटली, तुमची वस्ती जळली, तुझं घर जळलं. तिसऱ्या दिवशी तू पोलीस जमादाराला घेऊन आमच्या ओट्यावर आलीस, हातात अर्धी जळकी चिंधी. ही गुरुपादच्या सदऱ्याची हाय, मीच शिवलाय, वहीत त्याचं पान हाय, म्हणलीस. वहीत पान निघालं न्हाई. जमादार तुलाच खोटी म्हणून गेला, गावानं तेच धरलं, आणि तू लेकरं घेऊन औरंगाबादला भावाकडं गेलीस. जाताना मला सांगितलं न्हाईस.

एवढंच सांगायचं होतं, की ते पान कसरीनं खाल्लं असणार. जुन्या पुठ्ठ्याला कसर लागती. मी मुद्दाम काही केलं असं मनात धरू नको. रुख्मिणी केवढी झाली? तिच्या पहिल्या कुंचीची कतरण वहीत जशीच्या तशी हाय, पिवळी, लाल काठाची.

तुझी,
नीलम्मा

ता. ९ नोव्हेंबर १९८६

सगुणा,

हे माझं पाचवं पत्र. दगडाबाई औरंगाबादला तुझ्याकडं आठ दिवस राहून आली, तिला ओट्यावर बसवून सगळं विचारलं. आधी म्हणली, मला काय म्हाईत. मंग चहा घेतल्यावर म्हणली, "पाकीट फोडती, कापड काढून डब्यात ठेवती, कागद शेगडीत घालती." वाचून घालती का न वाचता, ते विचारलं तर म्हणली, "मी का तिच्या तोंडाकडं बघत बसले व्हते?"

घाल बाई शेगडीत. कापड ठेवतीस ना, बास झालं. मंग मी बी आता चांगली कापडं बघून पाठवते, रद्दी पाठवायची न्हाई. हे बघ, दिवाळीत शिवम्माच्या झंपराचं उरलं, हिरवं, आतून जर. धुतलं तरी जसंच्या तसं हाय. तुझा विश्वास बसणार न्हाई म्हणून तीनदा धुतलं.

दिवाळीच्या आधी पंधरा दिवस मशीन थांबलं न्हाई. आता सगळं एकटीनं करायचं, माप बी मी, कापायचं बी मी. कडूबाईच्या झंपराची बाही उलटी लावली. तिनं घालून बघितलं आणि म्हणली, सगुणा असती तर असं झालं नसतं. मी म्हणले, हो, नसतं झालं. गावात तुझं नाव घ्यायला लोक कचरतात, पण बाही उलटी लागली की तूच आठवतीस त्यांना.

वही मी अजून तुझ्याच रीतीनं लावते. माझं काय डोकं चालायचं तेव्हा! रंगावर लावू म्हणायची मी. पांढऱ्यापासून सुरू करून काळ्यापर्यंत, मध्ये लाल लालाशेजारी, निळं निळ्याशेजारी. तू कातर खाली ठेवलीस आणि म्हणलीस, "नीले, आरास मांडायची हाय का? कडूबाईला परत झंपर शिवायचं तर मागचं कंच्या कापडाचं व्हतं, किती आटलं, ते कुठं बघायचं? नाव पायजे. घराघराचं पान पायजे." दोन दिवस आपण बोललो न्हाई. तिसऱ्या दिवशी मीच पानांवर नावं घालायला तुला शाईची दौत दिली. तवा सासूबाई दारातून म्हणल्या, वस्तीची पानं शेवटाला लावा. तू काही बोलली न्हाईस आणि मी बी बोलले न्हाई. वही अजून तशीच हाय, वस्ती शेवटाला.

मागं मी कसरीचं लिहिलं होतं ते चुकलं. तुला लिहून पाकीट टाकलं आणि घरी येता येता आठवलं, की तू खळीत मोरचूद घालायचीस. कणकेची खळ शिजत आली की चिमूटभर निळं मोरचूद. म्हणायचीस, आता किडा-मुंगी, कसर, कुनी तोंड लावत न्हाई. खरंच कधी लागली न्हाई. पुस्तकं खाल्ली, दुकानातली पावत्यांची बुकं खाल्ली, आपल्या वहीला बोट लावलं न्हाई.

तर खरं सांगते. ते पान मामंजींनी फाडलं. जमादार यायच्या आधी त्यांनी वही मागितली आणि फाडलं. ते या श्रावणात गेले. माणूस गेल्यावर त्याचं असं लिहू नये, पण तुला खरं कळावं म्हणून लिहिलं. मी काय करू शकत होते, तूच सांग. सासऱ्यासमोर सून काय बोलणार?

तुझी,
नीलम्मा

ता. १७ जून १९९०

सगुणा,

आज कापड पाठवायचं मनात न्हाई, तरी घातलंय. न्हाई तर तू पाकीट बी शेगडीत घालशील.

मागच्या आठवड्यात दोन पाहुणे आमच्या ओट्यावर टेकले. एसटी चुकली होती, देवगाव फाट्यावरनं चालत आलेले. पाणी प्यायले. त्यांनी तुमच्या वस्तीचा रस्ता विचारला आणि बोलता बोलता म्हणले, सगुणाबाईची मुलगी आमच्या पोराला सांगून आलीय, औरंगाबादला बघितली, पसंत हाय, घराणं कसं ते विचारायला आलो. मी आत मशीनवर होते. माझं पायडल थांबलं. भाऊजी कापड मोजायलते. ते म्हणले, "मुलीचं माहीत न्हाई बुवा. आई मात्र खोटी फिर्याद करणारी. जमादारानंच तसं म्हटलं, साऱ्या गावाला ठाऊक हाय." गज पुढं सरकवत म्हणले, डोळे वर न करता.

मी उठले न्हाई. उठायला पायजे होतं, पडदा सारून बाहेर यायला पायजे होतं. मी परत पायडल मारायला लागले आणि सरळ शिवण वाकडी गेली.

काल दगडाबाई म्हणली, पाव्हन्यानी नकार कळवला. पोराचा बाप कचेरीत कामाला, त्याला कोर्टकज्जाची माणसं नको. "माझी रुक्मी तीन दिस जेवली न्हाई," म्हणली, आणि माझ्याकडं बघत बसली. तिला काही ठाऊक न्हाई. तरी बघत बसली.

म्हणून आता लिहिते. मामंजींनी फाडलं न्हाई. मेलेल्या माणसावर ढकललं मी. त्या म्हाताऱ्याला आपल्या वहीत काय हाय ते माहीत बी नव्हतं. पान मी फाडलं.

तू यायच्या आदल्या दिवशी गावात बोलणं सुरू झालं होतं, की सगुणाला जळक्या घरात कापड सापडलंय आणि ते कुणाचं ती ओळखती. मी खोलीत आले, कडी लावली, वही उघडली. पान सापडायला वेळ लागला न्हाई, तुझ्याच रीतीमुळं. आमच्या घराचं पान पहिलं. आणि त्यावर तुझ्या अक्षरात, 'गुरुपाद, सदरा, सुती, हैद्राबादहून आणलेलं, जून १९७७'. निळ्यावर पांढऱ्या रेघांची चौकट. गावात तसलं दुसरं कापड नव्हतं, तालुक्यात नव्हतं. रंगावर वही लावली असती तर ते नुसतं एक निळं कापड असतं. नाव तुझ्या हट्टानं होतं.

आणि त्या पानाची उजवी बाजू रिकामी होती, आठवतं? कापड पुरंना म्हणून तू फार जपून कापलंस, कतरण उरली तीन बोटांची. तिचे दोन तुकडे होईनात. मी म्हणले, असू दे, धुतलेली नको. तू म्हणलीस, जागा सोडून ठेव, सदरा जुना झाला की त्याचाच तुकडा लावू.

दुसऱ्या दिवशी तू ओट्यावर उभी राहिलीस. कधी न्हाई ते साऱ्यांसमोर मला म्हणलीस, "नीले, वही आन." जमादार म्हणला, चिंध्या काय, कुणाच्या बी असतात, वहीत नाव असलं तर लिहून घेतो. मी वही आणली. तू वरचा पुठ्ठा उलटलास, आणि जिथं पान फाडलं होतं तिथं तुझा अंगठा थांबला. फाटलेल्या कडेवरनं तू तो वरपासून खालपर्यंत फिरवलास. मंग माझ्याकडं बघितलंस. मी म्हणले, असं कापड आपल्याकडं आलंच नव्हतं.

एवढं एकच वाक्य बोलले मी त्या दिवशी. मला भ्या वाटलं, सगुणा. भाऊजी तुरुंगात गेले तर मला या घरात कोण ठेवील, असं वाटलं. तुझं काय होईल हे बी वाटलं, खोटं कशाला बोलू, पण ते मागनं वाटलं. तुझा कप बाहेर देवळीत पालथा असायचा, त्यात बी मला कधी काही वाटलं नव्हतं. तवा न्हाई वाटलं म्हणून लिहिते.

पाहुण्यांचा पत्ता कळव. मी जाऊन सांगते. दगडाबाईला मी आज सांगणार होते, दोनदा तिच्या दारापर्यंत गेले आणि परत आले.

नीलम्मा

ता. २१ जानेवारी १९९४

सगुणा,

संक्रांतीला विद्यापीठाचं नाव झालं. रेडिओ लागला होता दुकानात. ह्यांनी आवाज बारीक केला, भाऊजी उठून बाहेर गेले. वस्तीत पेढे वाटले. दगडाबाई काठी टेकत आमच्या ओट्यापर्यंत आली आणि मला बी एक पेढा दिला. मी म्हणले, मला कशाला गं? म्हणली, "घे की. तुझ्या मैतरनीनं यापायी घर घालवलं." तो पेढा मी पदराच्या गाठीला बांधला.

साडेतीन वर्षं झाली, मी लिहिलं न्हाई. मागच्या पत्रात सगळं सांगून मोकळी झाले असं वाटत होतं. मी मोकळी झालेच न्हाई, कारण सगळं सांगितलंच नव्हतं. एक राहिलंय.

भाऊजींचा तो सदरा सायकलवरनं पडून कोपरापासून फाटला होता. रफू होईना, म्हणून मी चिंध्यांच्या गाठोड्यात टाकलेला. त्या दिवशी दिवस मावळायला आला होता. वेशीकडनं गलका ऐकू यायलता. भाऊजी आत आले, म्हणले, "वैनी, जुनं कापड द्या." मी गाठोडं सोडलं, वरच्या वर हाताला लागलं ते टेरीकॉट दिलं. ते म्हणले, "हे नको, वितळतं. सुती द्या."

सगुणा, पुसायला कुठलं बी कापड चालतं. सुतीच पायजे, वितळणारं नको, म्हणजे ते कशाला पायजे, हे कापडाच्या घरातल्या बाईला कळत न्हाई व्हय? आपण सगळा उन्हाळा दोरे जाळून शेंगा खाल्लेल्या. मला त्याच घटकेला कळलं. आणि मी खाली हात घालून तो सदरा काढून दिला. घासलेटचा डबा त्यांना सापडंना, तो बी दाखवला. खाटेखाली हाय, म्हणले.

तुझं घर जाळतील असं वाटलं नव्हतं, असं लिहायला हात वळवळायलाय. कुणाचं तरी जाळणार होतेच ना. वस्तीतलंच कुणाचं तरी.

म्हणून पान फाडलं मी. भाऊजीसाठी फाडलं असं सोळा वर्षं घोळवत बसले. माझ्यासाठी फाडलं. पान निघालं असतं तर तू मला विचारलं असतंस, नीले, हा सदरा तर गाठोड्यात होता, दिला कुणी?

पान मी जाळलं न्हाई. का न्हाई जाळलं ते मला बी सांगता येत न्हाई, दोनदा चुलीपर्यंत नेलं होतं. वहीच्याच मागच्या जाड पुठ्ठ्याला चीर पाडून आत सारलं आणि वरनं चिकटवलं. काल ते काढलं. कणकेची खळ शिजवली, मोरचूद घातलं, आणि पान जिथलं होतं तिथं लावलं. तुझ्या अक्षराखाली माझ्या अक्षरात लिहिलं, 'सदरा फाटल्यावर गाठोड्यातून काढून दिला, नीलम्मा, ऑगस्ट १९७८.'

मंग वही घेऊन वस्तीत गेले. दगडाबाईच्या अंगणात बाया होत्या, तिथं वाचून दाखवलं. सगुणा खरं बोलत होती, मी खोटं बोलले, एवढंच म्हणले, लय बोलता आलं न्हाई. दगडाबाई लांबून वहीकडं बघत राहिली आणि म्हणली, "आता जा तू." मी आले. घरी यायच्या आत बातमी घरी पोचलेली. हे म्हणले, उद्यापास्नं मशीन बंद. मी म्हणले, मशीन आंदणातलं हाय. मी खोलीतनं उचलून ते ओट्यावर आणून ठेवलंय, भर रस्त्यावर.

फौजदारी आता उभी राहत न्हाई म्हणतात. ज्याला विचारायचं त्याला विचार, मी येईन, सांगशील तिथं अंगठा बी देईन आणि सही बी. वही तुझी हाय. सांग, पाठवते. माफी मागायला तोंड न्हाई म्हणून मागितली न्हाई.

नीले

ता. ६ एप्रिल १९९४

सगुणा,

तुझं पाकीट आलं. पोस्टमनच्या हातातनं घेतलं तवाच बोटांना कळलं, आत कागद कमी आणि कापड जास्त हाय. मी घरात नेलं न्हाई. ओट्यावरच, मशीनवर ठेवून फोडलं.

निळ्यावर पांढरी चौकट. एक कड काळी, जाळाची. हातभर असंल म्हणत होते इतकी वर्षं, तर तळहाताएवढं निघालं. वास घेतला. नुसता डांबरगोळ्यांचा आला. सोळा वर्षं तू ते डांबरगोळ्या घालून ठेवलंस, माझ्या साऱ्या कतरणी बी त्याच डब्यात ठेवल्या असशील. मी मशीनवर डोकं टेकलं आणि रडले, रस्त्यानं माणसं जायलती तरी रडले.

तुझी चिठ्ठी चार ओळींची. 'सदरा जुना झाला की तुकडा लावू, म्हनले व्हते. लाव. वही माझ्याकडं नको, तिथंच ओट्यावर राहू दे, येणाऱ्या-जाणाऱ्याला दिसंल अशी. रुक्मी मास्तरीण झाली. सगुणा.' माफ केलं असं त्यात न्हाई. मी तीनदा वाचून बघितलं, न्हाईच. न्हाई तेच बरं झालं.

अक्षर तसंच हाय गं तुझं. 'लाव' मधला काना अजून लांब ओढतीस.

लगेच खळ केली. उजवी बाजू सतरा वर्षं रिकामी होती, तुकडा तिच्यात नीट बसला, काळी कड तेवढी पुठ्ठ्याच्या बाहेर आली. मी ती कापली न्हाई. किती आटलं ते लिहायच्या जागी काय लिहावं सुचंना, कोरं सोडलं. मंग वस्तीची पानं शेवटाची काढून पुढं घेतली. तुझं पान आमच्या पानाला लागून आलंय आता, रुक्मीची पिवळी कुंची गुरुपादच्या सदऱ्याशेजारी.

आज सकाळी शिवम्मा तिच्या जुन्या झंपराचं माप बघायला वही चाळायलती. बारा वर्षांवर झाली तिला या घरात, तिला कुणी काही सांगितलेलं न्हाई. वस्तीत मी बोलले ते बी तिच्या कानावर येऊ दिलं न्हाई ह्या लोकांनी. पहिलं पान उलटताना ती थांबली. म्हणली, "अक्का, हे जळकं कशाला लावलंय?" भाऊजी चार हातांवर बसून कुणाचं तरी धोतर मोजायलते.

मी म्हणले, खाली लिहिलंय, वाच.

ती शाळा शिकलेली, मोठ्यानं वाचायची सवय. 'गुरुपाद' वाचलं आणि नवऱ्याचं नाव घेतलं म्हणून आधी लाजली, जीभ चावली. मंग पुढं वाचलं. सदरा, सुती, हैद्राबादहून आणलेलं. मंग माझं अक्षर वाचलं, गाठोड्यातून काढून दिला, ऑगस्ट १९७८. ऑगस्ट १९७८ म्हणजे काय हे या तालुक्यात कुणाला सांगावं लागत न्हाई, तिच्या माहेरी बी वस्ती जळलेली. तिनं त्या काळ्या कडेला बोट लावलं आणि बोटाकडं बघितलं.

भाऊजी उठून आले. वहीकडं बघितलं, माझ्याकडं बघितलं. बायकोकडं बघितलं न्हाई. म्हणले, "वैनी, हे काढा."

मी म्हणले, "मोरचूद घातलंय भाऊजी, निघत न्हाई."

गज मशीनवर ठेवून ते रस्त्याला लागले. शिवम्मानं पान उलटलं न्हाई, ते उघडंच ठेवून ती तिथं बसून राहिली.

नीले